फोनवरची टीम बंद पडली, आता पोरांना वाचायला काय देऊ?

खाडीकाठचा ग्रंथपाल

नमस्कार मंडळी. मालवण आणि देवगडच्या मधल्या एका गावात ड वर्गाचं वाचनालय चालवतो. चालवतो म्हणजे कुलूप मीच उघडतो, रजिस्टर मीच लिहितो आणि पावसाळ्यात कपाटाला लागलेली वाळवीही मीच झाडतो. यंदा पुस्तक खरेदीत सात हजार उरलेत, त्यासाठी हा प्रश्न.

आमच्या वाचनालयाच्या पडवीत संध्याकाळी सात-आठ पोरं बसतात. पुस्तकांसाठी नाही, तिथे रेंज येते म्हणून. बहुतेक होडीवर जाणारी. जून-जुलैच्या मासेमारीबंदीत तर दिवसभर इथेच. ही पोरं फोनवर क्रिकेटची टीम लावायची, म्हणजे फँटसी क्रिकेट: खऱ्या खेळाडूंतून आपला संघ निवडायचा, ते सामन्यात जसे खेळतील तसे गुण. शंभर क्रेडिटमध्ये अकरा खेळाडू बसवायचे, कॅप्टनला दुप्पट गुण, व्हाइस कॅप्टनला दीडपट. सामना सुरू होईपर्यंत जी चर्चा चालायची ती मी कपाटाआडून ऐकायचो. कुठल्या मैदानात दव पडतं, कोण डावखुऱ्यासमोर अडकतो, कोणाचा अंगठा दुखावलाय. दहावीत गणितात गटांगळ्या खाल्लेला एक जण स्ट्राइक रेट तोंडी काढायचा. कौतुक वाटायचं.

मग कळलं की त्यातल्या एकाने खलाशी म्हणून मिळालेली अख्ख्या हंगामाची मजुरी या स्पर्धांत ४९-४९ रुपये लावत घालवलीय. आईला सांगितलं होतं, तांडेलाने, म्हणजे होडीच्या म्होरक्याने, पैसे थकवलेत. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदीचा कायदा केला आणि त्या स्पर्धा बंद झाल्या. फुकटातली टीम अजून लावता येते, पण पोरांना त्यात चव राहिली नाही. आता पडवीत नुसती रिळं बघत बसतात. चर्चा संपली.

मला पैशाचा खेळ परत यायला नकोय. पण ती चर्चा गेली याचं वाईट वाटतं, आणि त्याचं कारण जरा खाजगी आहे.

१९८७ ला मी अकरा वर्षांचा होतो. आम्ही पुस्तक-क्रिकेट खेळायचो, तुम्हीही खेळला असाल. पुस्तक फटकन उघडायचं, डाव्या पानाच्या आकड्यातला शेवटचा अंक म्हणजे धावा. शून्य आलं की आऊट. डावं पान नेहमी सम असतं, म्हणून एक आणि तीन धावा कधीच निघायच्या नाहीत. आम्ही आठाला एक धाव धरायचो, दुसऱ्या गावात आठ म्हणजे नो बॉल असायचा, आणि त्यावरून मारामाऱ्या व्हायच्या. माझं इतिहासाचं पुस्तक शिवण उसवल्यामुळे सारखं पान ४६ वर उघडायचं. म्हणजे सहा. ते पुस्तक घेऊन मला कोणी खेळू देत नसे, म्हणून मी एकटा खेळायचो. दोनशे पानी वहीत माझी स्वतःची स्पर्धा होती. आठ देश, पूर्ण धावफलक, सरासऱ्या, दौरे, एकदा तर संप.

५ नोव्हेंबरला वानखेडेवर इंग्लंडशी वर्ल्ड कपची सेमीफायनल होती. गूचने स्वीप मारमारून ११५ केल्या, इंग्लंड २५४. लोट्यावर, म्हणजे ओटीवर, ट्रान्झिस्टर, बाजूला आजोबा. गावसकरला डीफ्रेटसने ४ वर बोल्ड काढला. आपण २१९ वर संपलो, पस्तीस धावांनी गेलो. तो गावसकरचा शेवटचा आंतरराष्ट्रीय डाव ठरला. त्या रात्री कंदील घेऊन मी तोच सामना वहीत परत खेळलो. गावसकर पहिल्याच पानाला शून्य! मी पुस्तक मिटलं, इकडे-तिकडे बघितलं आणि परत उघडलं. वहीत त्याचे १३१ आहेत. ती वही अजून आहे.

तर प्रश्न असा: मनात किंवा कागदावर आपला संघ बांधायच्या या वेडाबद्दल, आणि खेळामुळे माणसं कशी वागतात त्याबद्दल, चांगली पुस्तकं सांगा. मराठी असतील तर उत्तम. क्रिकेटवर लिहिणाऱ्या द्वारकानाथ संझगिरींची आमच्याकडे आहेत, वाचून वाचून पुठ्ठे सुटलेत. इंग्रजी असतील तरी सांगा, मी हळूहळू वाचून पोरांना गोष्ट सांगेन. ‘सट्टा कसा वाईट’ छापाची नकोत. ते त्यांची आई रोज सांगते.

परळचा चाकरमानी

काका, एक नंबर प्रश्न. तुमची वही वाचून अंगावर काटा आला, कारण अशा वहीवर एक अख्खी कादंबरी आहे. रॉबर्ट कूव्हर या अमेरिकन लेखकाची, १९६८ ची. नाव लांबलचक आहे: ‘द युनिव्हर्सल बेसबॉल असोसिएशन, इन्क., जे. हेन्री वॉ, प्रॉप.’ हा वॉ एका कचेरीतला हिशेबनीस. एकटा राहतो. रात्री जेवणाच्या टेबलावर तीन फासे टाकून स्वतः बनवलेली बेसबॉलची लीग खेळतो. आठ संघ, खेळाडूंची नावं, त्यांचे बाप, त्यांची भांडणं, सगळं याच्या डोक्यात आणि वह्यांत. त्यातला एक तरुण पिचर, म्हणजे बेसबॉलमधला बॉलर, त्याचा जीव की प्राण. आणि एके रात्री फासे असे पडतात की नियमाप्रमाणे तो पोरगा डोक्याला चेंडू लागून मरतो. कागदावरचा पोरगा. पण वॉ खचतो, नोकरीचं वाटोळं होतं. पुढचं सांगत नाही. भाषा अवघड आहे, शेवटचं प्रकरण तर मी दोनदा वाचलं तेव्हा कुठे लागलं, पण तुम्हाला ते माझ्यापेक्षा लवकर लागेल.

दुसरं, आपण ज्याला फँटसी म्हणतो त्याची मुळं. १९८० च्या हंगामात न्यूयॉर्कमध्ये डॅनियल ओक्रेंट नावाच्या संपादकाने मित्रांबरोबर बेसबॉलची कागदी लीग सुरू केली. जेवायला जमायचे त्या फ्रेंच हॉटेलचं नाव ‘ला रोटीसरी फ्रान्सेझ’, म्हणून खेळाचं नाव पडलं रोटीसरी. मूळ अर्थ सळईवर कोंबडी भाजायचं ठिकाण! पुढे जे नियम रूढ झाले त्यात प्रत्येकाला २६० डॉलर आणि २३ खेळाडू, लिलाव करून घ्यायचे. गुणांचा हिशेब हाताने. गंमत म्हणजे ज्याने खेळ काढला त्या ओक्रेंटला आपली लीग कधी जिंकता आली नाही.

आणि तुमच्या पडवीशी जुळणारी गोष्ट: १९८१ मध्ये बेसबॉल खेळाडूंनी संप केला, मैदानं ओस पडली. लिहायला काही नाही म्हणून क्रीडा पत्रकारांनी या कागदी लीगवर लिहिलं आणि वेड देशभर पसरलं. खेळ बंद पडला म्हणून चर्चा वाढली. तुमच्याकडे उलटं झालंय.

त्या वेडावरचं मजेदार पुस्तक म्हणजे सॅम वॉकरचं ‘फँटसीलँड’, २००६ चं. हा वॉल स्ट्रीट जर्नलचा क्रीडा स्तंभलेखक. तज्ज्ञांच्या लीगमध्ये उतरतो, नासात काम केलेला आकडेवाला मदतीला घेतो आणि आपण ‘विकत घेतलेल्या’ खऱ्या खेळाडूंना जाऊन भेटतो. बेसबॉल कळत नसला तरी चालतं. मी दादर-कर्जत लोकलमध्ये वाचलं, दोन वेळा स्टेशन चुकलं.

मंडणगडच्या बाई

मी थोडं खोडा घालणार आहे, राग मानू नका. वही आणि फासे सगळं गोड आहे, पण वहीतल्या खेळात तुमचं काही गेलं नाही. त्या खलाशी पोराचं गेलं. शाळेत माझ्यासमोर असे दोन भाऊ आले आहेत; धाकट्याच्या सहलीचे पैसे थोरल्याने लावले होते. तेव्हा ‘चर्चा गेली’ याचं दुःख मला तुमच्याइतकं होत नाही. चर्चेची किंमत कोण भरत होतं ते बघा.

पुस्तक मात्र सांगते. रामचंद्र गुहांचं ‘अ कॉर्नर ऑफ अ फॉरेन फील्ड’, २००२. त्यातला अर्धा जीव बाळू पालवणकरांमध्ये आहे. आडनावातलं गाव आपल्या कोकणातलं, जन्म धारवाडचा, जात चांभार. पुण्यात गोऱ्यांच्या जिमखान्यावर खेळपट्टीची देखभाल करायला होते. नेटमध्ये साहेबांना तासन्‌तास डावखुरी फिरकी टाकायची, फलंदाजी मात्र करायला मिळायची नाही. पुढे हिंदूंच्या संघात (तेव्हा संघ धर्माप्रमाणे असायचे) घेतलं, मैदानावर सगळे त्यांनी हाताळलेल्याच चेंडूने खेळले, पण चहाच्या वेळी त्यांना मंडपाबाहेर वेगळ्या मातीच्या भांड्यातून चहा. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात शंभराहून जास्त बळी घेतले. हिंदू संघाचं कर्णधारपद त्यांना कधीच दिलं गेलं नाही. ते १९२३ मध्ये धाकट्या भावाला, विठ्ठलला मिळालं.

तुमच्या पोरांना हे विचारा: शंभर क्रेडिट आहेत, कॅप्टनला दुप्पट गुण. १९१३ चा संघ लावा. बाळूला कॅप्टन केलंत तर गुण मिळतील, पण संघात तसं कोणी करू देत नाही. मग काय करणार? मी नववीच्या वर्गात हे केलं होतं. पाऊण तास गोंगाट. मुख्याध्यापक येऊन बघून गेले.

आणि मराठीच हवं असेल तर विठ्ठल पालवणकरांनी स्वतः लिहिलेलं ‘माझे क्रीडा-जीवन’ आहे, १९४८ चं. गुहांनीही त्याचा आधार घेतला आहे. दुकानात मिळणार नाही. जुन्या नगर वाचनालयांत चौकशी करा, तुमची आपसांत ओळख असतेच.

मैदानावरचो आवाज

गाववाल्यानू, मी तालुक्यातल्या टेनिस बॉलच्या स्पर्धांची कॉमेंट्री करतंय, गेली बावीस वर्सा. पुस्तकां मी वाचणय नाय, खोटा कित्याक बोलू. पण ता अमेरिकेतला लिलावाचा वाचलंय नि हसाक इला. आमच्या हय प्रत्येक लीगच्या आधी देवळाच्या मांडावर खेळाडूंचो लिलाव होता की! संघमालक म्हणजे कोण, एक मच्छीवालो, एक चिरेखाणवालो, एक मुंबयचो चाकरमानी. गेल्या वर्सा एका मालकान पन्नास टक्के पॉइंट सख्ख्या भाच्यार घालवल्यान नि भाचो पयल्याच बॉलार रनआऊट. मामीन दोन दिवस जेवण वाढूक नाय.

फोनवरच्या टीमचो नि ह्या टीमचो फरक इतकोच. फोनातलो बॉलर तुका वळखणा नाय. हय लिलावात घेतलेलो बॉलर दुसऱ्या दिवशी सकाळी तुझ्याच दारात बांगडे घेवन उभो. वायट टाकल्यान तर त्याका तोंडार सांगूक व्हया.

पोरांका म्हणा माझ्याकडे येवा. स्कोअर लिवणारो माणूस मिळणा नाय आजकाल. बॅटिंग सगळ्यांका व्हयी, पेन्सिल कोणाक नको.

परळचा चाकरमानी

मामीचा भाग पुस्तकात पाहिजे. बाई, तुमचा १९१३ चा संघ आमच्या ऑफिसच्या ग्रुपवर टाकला. कामं थांबलीत.

खाडीकाठचा ग्रंथपाल

सगळ्यांचे आभार. उशिरा लिहितोय, मधे आमच्याकडे तीन दिवस वीज नव्हती.

बाई, तुमचं लागलं, आणि बरोबर आहे. चर्चा मी फुकटात ऐकत होतो. त्या पोराला हे मी वाचून दाखवलं नाही, पण त्याच्या आईला भेटलो. तांडेलाला उगाच दोष दिला होता तेवढं तरी मिटलं.

गुहांचं पुस्तक मागवलं. विठ्ठलांच्या पुस्तकासाठी चार वाचनालयांत फोन केले. एका ठिकाणच्या ग्रंथपालबाई म्हणाल्या, कार्ड आहे पण पुस्तक जागेवर नाही. आमच्या धंद्यात याचा अर्थ सगळ्यांना कळतो. कोणाच्या आजोबांच्या पेटीत असेल तर कृपया सांगा, मी स्वतः येऊन झेरॉक्स काढून घेईन.

कूव्हरची कादंबरी पुतण्याने मुंबईहून आणली. मी अर्ध्यावर आहे. चाकरमानी भाऊ, तुम्ही सांगितलं नव्हतं ते येऊन पोचलं: ज्याच्या चेंडूने पोरगा मेला त्या पिचरला मारायला वॉ फासे टाकत नाही, हाताने मांडतो. तीन सहा. तिथे मी पुस्तक मिटून बाहेर जाऊन उभा राहिलो. सहा आला की मला अजून पान ४६ दिसतं.

परवा संध्याकाळी पडवीत पोरांना तिथपर्यंतची गोष्ट सांगितली. बेसबॉलच्या जागी क्रिकेट केलं, नाहीतर निम्मा वेळ बेस समजावण्यात गेला असता. निम्मे फोनमध्येच होते. पण ज्याचे पैसे गेले तो मधेच म्हणाला, “मगे तो पोरगो मेलो तेवाच तेणा फासे परत कित्याक नाय टाकल्यान? कोण बघी होता?”

मला उत्तर आलं नाही. म्हणजे आलं, पण ते देण्याआधी मला गावसकरचे १३१ सांगावे लागले असते. शेवटी कपाटातून वही काढून आणली आणि ते पान दाखवलं. त्याने बराच वेळ बघितलं. खाली बोटाने बेरीज करत गेला आणि म्हणाला, अवांतर धावा धरून एकूण चुकलीय, सहाचा फरक आहे. अडतीस वर्षांत मला ते दिसलं नव्हतं.

मैदानवाले दादा, तो तुमच्याकडे रविवारी येतोय. पेन्सिल दिलीय. वहीही घरी घेऊन गेलाय, बाकीचे सामने तपासायला. रजिस्टरला नोंद कशी करायची ते कळेना, कारण तिला दाखल क्रमांकच नाही.