वॉशोच्या खुणा: बिआट्रिक्स गार्डनर यांचं काम खरंच खोडलं गेलं का?

पाणवठा:
चिंपांझी आणि भाषा हा विषय निघाला की मानसशास्त्रज्ञ हर्बर्ट टेरेस यांचा 1979 चा लेख पुढे करून 'ते सगळं खोटं ठरलं' म्हणतात. मला हे अजिबात पटत नाही. बिआट्रिक्स गार्डनर मुळात प्राणिशास्त्रज्ञ. ऑक्सफर्डला प्राणिवर्तनाचे अभ्यासक टिनबर्गन यांच्या हाताखाली स्टिकलबॅक माशांच्या खाण्याच्या सवयींवर डॉक्टरेट. 1966 मध्ये अमेरिकेतल्या रीनोला त्यांनी आणि पती ॲलन यांनी वॉशो या लहानग्या चिंपांझीला घरामागच्या ट्रेलरमध्ये वाढवायला घेतलं. तिच्यासमोर माणसांनी आपसातही बोलायचं नाही, फक्त अमेरिकन साइन लँग्वेजच्या, म्हणजे तिथल्या कर्णबधिरांच्या भाषेच्या, खुणा करायच्या. नवी खूण यादीत घ्यायची तर तीन वेगवेगळ्या निरीक्षकांनी ती योग्य प्रसंगी, आपणहून केलेली पाहायला हवी, आणि मग सलग 15 दिवस रोज किमान एकदा दिसायला हवी. 51 महिन्यांत अशा 132 खुणा जमल्या. इतकी कडक अट किती जणांनी पाळली?

काटेकोर:
अट कडक आहे, मान्य. पण ती सुट्या खुणा मोजते, आणि वाद वाक्यरचनेचा आहे. टेरेसनी त्यांच्या 'निम' या चिंपांझीच्या हजारो खूणजोड्या तपासल्या. त्याच्या सरासरी 'वाक्या'ची लांबी दीड खुणेच्या आसपासच अडकली. सर्वांत लांब, 16 खुणांच्या मालिकेत 'दे', 'संत्रं', 'मी', 'खा', 'तू' एवढंच उलटसुलट. व्हिडिओ हळू चालवून पाहिल्यावर कळलं, बऱ्याच खुणा शिक्षकाने नुकत्याच केलेल्याच होत्या. गार्डनर यांनी मात्र खुणांचा क्रम पद्धतशीर मांडलाच नाही. क्रमाशिवाय व्याकरण कशावरून ठरवायचं?

पाणवठा:
निमला साठेक शिक्षकांनी हाताळलं, धडे बरेचसे कोलंबिया विद्यापीठातल्या एका छोट्या, रिकाम्या खोलीत. तिथे खूण म्हणजे हवी ती वस्तू मिळवायचं साधन. वॉशोच्या घरात ती रोजच्या वावरात यायची. एवढा फरक असताना निमवरून वॉशोचा निकाल कसा लावता?

सालई:
दोघेही डबल ब्लाइंड चाचणी विसरताय. पेटीच्या आत स्लाइड पडायची, ती फक्त वॉशोला दिसे. एक निरीक्षक पेटीशेजारी, दुसरा एकतर्फी काचेमागे. चित्र दोघांनाही दिसत नसे, आणि दोघे वेगवेगळे नोंदवत. म्हणजे माणसाच्या चेहऱ्यावरून उत्तर ओळखण्याची वाटच बंद. तरी उत्तरं योगायोगाने येतील त्याच्या कितीतरी पट बरोबर आली. मला तर तिच्या चुका जास्त बोलक्या वाटतात: मांजराच्या चित्राला 'कुत्रा', कंगव्याला 'ब्रश'. गोंधळ झाला तो एकाच गटातल्या वस्तूंमध्ये. नुसती नक्कल असती तर चुका अशा पडल्या नसत्या.

काटेकोर:
ही चाचणी मी मानतो. तिने चित्राला नाव दिलं, हे सिद्ध झालं. पण प्रत्येक स्लाइडला एक खूण, म्हणजे जोड्यांबद्दल ती काहीच सांगत नाही. हंस पाहून वॉशोने केलेली 'पाणी-पक्षी' ही प्रसिद्ध खूणजोडी घ्या. समोर पाणीही होतं, पक्षीही. दोन सुटी नावं नव्हतीच, हे कशावरून?

पाणवठा:
एका प्रसंगावरून नाहीच ठरणार. त्यासाठी सलग चित्रीकरण लागतं. चौकटीत चिंपांझीचे दोन्ही हात आणि समोरच्या माणसाचेही हात, आणि नोंद करणारा लहानपणापासून खुणांची भाषा बोलणारा, प्रसंग न सांगितलेला.

काटेकोर:
आणि पुन्हा पुन्हा केलेली खूण नोंदीतून गाळायची नाही. 'आणखी आणखी गुदगुल्या'चं 'आणखी गुदगुल्या' केलं की कागदावर ते आपोआप वाक्यासारखं दिसायला लागतं.

सालई:
या अटीवर माझं अनुमोदन. पण वॉशोच्या 132 खुणांना 'खोटं' म्हणणं तेवढं मागे घ्या.