सोलापुरातली सीरियल किलर मालिका: तपास खरा वाटावा म्हणून सल्ला हवा

पटकथा_पूर्वभाग
आठ भागांची मालिका लिहितोय. काळ मे २०२५, शहर गुन्हे शाखेतली महिला एपीआय (सहायक पोलीस निरीक्षक), तीन खून, तिन्ही गळा आवळून. दोन अडचणी आहेत. तिन्ही खून एकाच माणसाचे आहेत हे कळायला उशीर का लागेल? आणि मृत्यूची वेळ कशी काढतात?

हद्दीचा_दगड
उशिराचं कारण सोलापूरच्या नकाशातच आहे. पहिला मृतदेह अशोक चौकाजवळ ठेवा, तो शहर आयुक्तालयाकडे. दुसरा कुंभारीच्या विडी घरकुलात, तो ग्रामीण पोलिसांकडे. तिसरा रुळांवर, म्हणजे लोहमार्ग पोलीस. तीन ठाणी, तीन फायली, तीन वेगळे तपासी अंमलदार. त्यात पहिल्या दोन नोंदी नुसत्या ए.डी. (अकस्मात मृत्यू) म्हणून झाल्या, पीएममध्ये म्हणजे शवविच्छेदनात मृत्यूचं कारण राखीव ठेवून व्हिसेरा (आतल्या अवयवांचे नमुने) तपासायला पाठवला, की सीए म्हणजे रासायनिक विश्लेषकाचा रिपोर्ट येईपर्यंत फाईल हलत नाही. तुमच्या एपीआयने या तीन फायली एका टेबलावर आणणं हाच पहिल्या दोन भागांचा थरार. खुन्याने भिंतीवर चिन्हं काढायची गरज नाही, कृपया ती काढूच नका.

शवचिकित्सा
वेळेबाबत बहुतेक लेखक एकच चूक करतात: डॉक्टर अंगाला हात लावून "रात्री साडेदहा" सांगून टाकतात. असं कुणी सांगत नाही, अंदाज तासांच्या पट्ट्यात देतात. शिवाय तुमचा महिना मे. सोलापुरात दुपारी पारा ४२ च्या वर गेला की बाहेरची हवा शरीराच्या ३७ अंशांपेक्षा गरम असते, मग मृतदेह थंड होतच नाही आणि तापमानावरून मांडलेलं गणित कोलमडतं. ताठरपणाही लवकर येतो, लवकर उतरतो. पोटातलं अन्न, मृत्यूनंतर रक्त साचून त्वचेवर पडलेले डाग आणि शेवटचा फोन यांची सांगड घालावी लागते.

गळ्यावरचा व्रण नीट दाखवा. फाशीचा व्रण बहुधा तिरका, कंठाच्या वर आणि गाठीपाशी तुटलेला. आवळल्याचा आडवा, गळ्याभोवती पूर्ण, कंठावर किंवा खाली. पहिल्या केसमध्ये पंचनाम्यात घाईत "फाशी" लिहिलं गेलं आणि नंतर फोटोतल्या आडव्या व्रणावर एपीआयची नजर थांबली, असं करा. रुळांवरच्या मृतदेहात जखमांभोवती रक्तस्राव जवळजवळ नसेल, तर तो माणूस गाडीखाली येण्याआधीच मेलेला होता.

मुद्देमाल_कारकून
दोरीला जपा. गळ्यावरची दोरी काढताना गाठ सोडत नाहीत. गाठीपासून लांब कापतात आणि कापलेली टोकं दोऱ्याने बांधून ठेवतात, कारण गाठ म्हणजे हाताची सवय. पुण्याच्या जोशी-अभ्यंकर हत्याकांडातही (१९७६-७७) नायलॉनच्या दोरीने खुनांची साखळी जोडली होती. तुमच्या मालिकेत पहिल्या ठिकाणी हवालदाराने गाठ सोडून टाकली, तर पुरावा तिथेच गेला. दुसऱ्या आणि तिसऱ्या गाठी जुळल्या, तरी पहिली कायम शंकेत राहील. न्यायालयीन भागासाठी हे फार उपयोगी आहे.

पटकथा_पूर्वभाग
शेवटी आरोपी एपीआयसमोर कबुली देतो असं लिहिलंय. चालेल?

हद्दीचा_दगड
भावनिक प्रसंग म्हणून चालेल, पुरावा म्हणून नाही. पोलिसांसमोरची कबुली भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम २३ ने बाद होते. टिकतो तो त्याने सांगितल्यावरून सापडलेल्या वस्तूपुरता भाग. म्हणून आधी पंचांसमोर मेमोरंडम (आरोपीच्या निवेदनाची लेखी नोंद), मग आरोपीच पुढे चालत जाऊन, समजा बंद यंत्रमागाच्या कारखान्यातून, दोरीचं उरलेलं वेटोळं काढून देतो आणि त्याची जप्ती होते. पंच दोन, शूटिंग सलग. कबुलीच हवी असेल तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८३ खाली दंडाधिकाऱ्यांपुढे, आणि ते आधी बजावतात की कबुली देणं बंधनकारक नाही.

मुद्देमाल_कारकून
सीसीटीव्ही घालणार असाल तर डीव्हीआरचं (चित्रण साठवणाऱ्या यंत्राचं) घड्याळ आणि खरी वेळ यातला फरक पंचनाम्यात लिहिलेला दाखवा. दुकानांतल्या अनेक डीव्हीआरवर पंधरवडा-महिन्यात जुन्यावर नवं चढतं, तेव्हा फायली एकत्र यायला लागलेला उशीर तिथेच नडेल. इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी लागणारं साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र विसरू नका, बचाव पक्षाचा वकील पहिला प्रश्न त्यावरच विचारेल.