अनुभव धागा: उजळलेल्या केसांतला पितळी आणि नारिंगी रंग तुम्ही कसा घालवलात?

खाडीकाठ, ठाणे पश्चिम

काल भाचीने तिच्या केसांचा फोटो पाठवला आणि खाली एवढेच लिहिले, "मावशी, पार्लरमधून आले तेव्हा राखी होते, आता नारिंगी झालेत." तो फोटो पाहून मला माझ्या धाकट्या दिराच्या लग्नाचे दिवस आठवले. त्या वेळी मी पहिल्यांदा हायलाइट करून घेतले होते. लग्नात त्या बटांना सुंदर राखी झाक होती, आणि पुढच्या काही आठवड्यांत कपाळाजवळचे केस पितळी दिसू लागले. ज्यांना विचारले त्या प्रत्येकीने वेगळा उपाय सुचवला, परंतु असे का होते हे कोणीच सांगितले नाही. ते मला पुढे नौपाड्यातल्या एका अनुभवी ब्यूटीशियनताईंनी समजावले.

आपल्या काळ्या केसांत दोन रंगद्रव्ये असतात: काळे-तपकिरी युमेलॅनिन आणि तांबूस-पिवळे फिओमेलॅनिन. ब्लीचने युमेलॅनिन तुलनेने लवकर तुटते आणि तांबूस-पिवळे द्रव्य चिवटपणे मागे राहते. त्यामुळे केस उजळताना आधी लालसर, मग नारिंगी, मग पिवळे आणि शेवटी फिकट पिवळे होतात. ब्लीच जिथे थांबवले तिथला रंग आत तसाच असतो, त्यावर टोनरचा, म्हणजे उरलेली झाक झाकणाऱ्या रंगाचा, थर दिलेला असतो आणि तो थर धुऊन गेला की आतला रंग वर येतो. म्हणून माझे ठाम मत असे आहे, की कोणतीही बाटली विकत घेण्यापूर्वी खिडकीजवळ दिवसाच्या उजेडात उभे राहून आपल्या केसांत पिवळा रंग उरला आहे की नारिंगी, हे आधी ओळखावे. पिवळ्याला जांभळा मारतो आणि नारिंगीला निळा, म्हणून त्या त्या रंगाचा शाम्पू किंवा टोनर निवडावा. भाचीला उत्तर देण्याआधी तुमचे अनुभव वाचायला आवडतील; लिहिताना केस किती उजळले होते आणि घरी पाणी कुठले येते, हेही कृपया लिहावे.

वाशीकर

माझ्या बाबतीत नेमके हेच घडले. दुकानात "केस पितळी झाले आहेत" एवढे सांगितल्यावर मला जांभळा शाम्पू देण्यात आला आणि तो नियमाने वापरूनही नारिंगी रंगात काहीच फरक पडला नाही. पुढे निळा शाम्पू आणल्यावर पहिल्या काही धुण्यांतच केस तपकिरीकडे झुकले. आपल्याकडे बहुतेक मुलींचे केस मध्यम तपकिरीपर्यंतच उजळलेले असतात, तरी दुकानांत जांभळाच शाम्पू पुढे केला जातो, याचे मला फार वाईट वाटते.

केशकर्म, कोपरखैरणे

माझे स्वतःचे सलून आहे आणि हा प्रश्न माझ्यासमोर दर आठवड्याला येतो, म्हणून थोडे सविस्तर लिहिते.

आमच्या कामात केसांची गडदता 1 ते 10 अशा लेव्हलमध्ये मोजतात. 1 म्हणजे काळा आणि 10 म्हणजे अगदी फिकट सोनेरी. सहा-सात लेव्हलला केस नारिंगी असतात, आठला पिवळसर नारिंगी, नऊला पिवळे आणि दहाला पिकलेल्या केळ्याच्या सालीच्या आतल्या बाजूइतके फिकट. ज्या ताईंना चंदेरी किंवा थंड, म्हणजे तांबूस-पिवळी झाक नसलेला, राखी रंग हवा असतो त्यांचे केस बहुधा सात लेव्हलवर थांबलेले असतात आणि त्यांना वाटते की टोनर लावला की ते चंदेरी होतील. टोनर केस उजळवत नाही. तो उरलेल्या रंगाला विरुद्ध रंगाने झाकतो, त्यामुळे केस किंचित गडदच दिसतात. सातवर चंदेरी टोनर लावला तर मळकट तपकिरी रंग मिळतो आणि ग्राहक नाराज होतो. अशा वेळी मी दोनच पर्याय देते. एक तर केसांची ताकद पाहून पुन्हा उजळावे, नाही तर सातलाच शोभेल असा थंड तपकिरी रंग निळ्या आधाराच्या टोनरने घ्यावा. भारतीय त्वचेवर दुसरा पर्याय अनेकदा अधिक खुलतो, असे मी इतक्या वर्षांच्या कामानंतर मनापासून सांगते.

डेव्हलपर, म्हणजे ब्लीच किंवा टोनरमध्ये मिसळायचे पेरॉक्साइड, याबद्दलही पुष्कळ गैरसमज आहेत. 10 व्हॉल्यूम म्हणजे 3 टक्के हायड्रोजन पेरॉक्साइड, 20 म्हणजे 6 टक्के, 30 म्हणजे 9 आणि 40 म्हणजे 12 टक्के. टोनरसाठी 10 किंवा त्याहून सौम्य डेव्हलपर पुरतो. घरी 40 व्हॉल्यूम आणून "एकदाच काय ते होऊन जाऊ दे" असे म्हणणाऱ्यांना मी हात जोडून विनंती करते, की टाळू भाजून घेऊ नका. टाळूच्या उष्णतेने मुळांजवळचे केस आपोआप लवकर उजळतात, म्हणून आम्ही ब्लीच लांबीला आधी आणि मुळांना शेवटी लावतो. घरी उलट क्रमाने लावल्यामुळे मुळे पिवळी आणि टोके नारिंगी असे दोन रंगांचे डोके घेऊन अनेकजणी येतात. त्यांना एकच शाम्पू कधीच पुरत नाही, मुळांना जांभळा आणि टोकांना निळा असा वेगवेगळा टोनर द्यावा लागतो.

जुन्या पिढीला ही गोष्ट समजावताना मी नेहमी नीळ आठवायला सांगते. पांढरे धोतर धुऊन धुऊन पिवळट झाले की आजी शेवटच्या पाण्यात नीळ घालत असे. पिवळेपणा निघत नसे, तो डोळ्यांना दिसेनासा होत असे. टोनरही तेच करतो, आणि म्हणूनच तो काही आठवड्यांनी पुन्हा द्यावा लागतो. कपड्यांची नीळ किंवा उजाला केसांना लावण्याचा प्रयोग मात्र कोणीही करू नये. ती टाळूसाठी बनवलेली नसते.

घोडबंदरवासी

खाडीकाठताईंनी पाण्याचा उल्लेख केला, त्यावर लिहिण्यासारखे खूप आहे. आमच्या संकुलात महापालिकेचे पाणी कमी पडते, त्यामुळे वर्षातले बरेच दिवस टँकर आणि बोअरवेलवर काढावे लागतात. घोडबंदर रस्त्यावर राहणाऱ्या कोणालाही हे नवीन नाही. बोअरच्या पाण्यात कॅल्शियम आणि मॅग्नेशियम असते, काही ठिकाणी लोहही असते. ब्लीच केलेले केस सच्छिद्र झालेले असल्यामुळे हे क्षार त्यांत सहज बसतात, आणि लोहाने तर केसांवर तांबूस छटा चढते. माझी बहीण ऐरोलीला राहते आणि आम्ही दोघींनी एकाच ठिकाणी, एकाच दिवशी, एकाच रंगाचे हायलाइट केले होते. तिच्याकडे मोरबे धरणाचे पाणी येते आणि तिचा रंग माझ्यापेक्षा कितीतरी जास्त टिकला.

पाणी जड आहे का हे पाहण्यासाठी बाटलीत थोडे पाणी आणि साध्या साबणाचा कीस घालून हलवावे. फेस येण्याऐवजी पांढरट साका जमला तर पाणी जड समजावे. त्यानंतर मी कीलेटिंग शाम्पू आणला, ज्यात ईडीटीए असते आणि ते धातूचे कण पकडून धुऊन काढते. महिन्यातून एकदोनदा आधी तो आणि नंतर निळा शाम्पू, असा क्रम ठेवल्यावर निळ्याचा परिणाम प्रथमच नीट दिसला. शॉवरला लावायचे फिल्टर घेण्याचा विचार असेल, तर एक गोष्ट लक्षात घ्यावी. त्यांतले बहुतेक क्लोरीन कमी करतात, पाण्याचा जडपणा काढत नाहीत. त्यासाठी सॉफ्टनर, म्हणजे पाणी मृदू करणारे यंत्रच लागते. मी सध्या शेवटचे धुणे पिण्याच्या गाळलेल्या पाण्याच्या एका तांब्याने करते, आणि तेवढ्यानेही फरक पडतो.

पारसिककर

घोडबंदरवासी ताई, टँकरच्या पाण्याचे दुःख आम्हीही भोगले आहे. तांब्याची युक्ती आजपासूनच सुरू करते.

नेरूळचे आजोबा

हा धागा तरुण मुलींसाठी आहे हे मला कळते, तरीही लिहितो, कारण नैसर्गिक पांढऱ्या केसांनाही हाच त्रास होतो. निवृत्तीनंतर मी कलप लावणे सोडले आणि केस स्वच्छ पांढरे झाले. रोज सकाळी ज्वेल ऑफ नवी मुंबईला फेऱ्या मारतो. उन्हाने, पाण्यातल्या क्षारांनी आणि वर्षानुवर्षे लावलेल्या हिरव्या रंगाच्या तेलाने पुढचे केस पिवळट पडले. सुनेने जांभळा शाम्पू आणून दिला. आठवड्यातून एकदा, दोन-तीन मिनिटे ठेवून धुतो, आणि तेल बदलून साधे खोबरेल लावतो. आता केस पुन्हा पांढरे दिसतात आणि त्याचा मला खरोखर आनंद होतो.

सीवूड्सची लेक

आजोबा, तुमचा प्रतिसाद वाचून फार बरे वाटले. माझ्या बाबांनाही हेच सुचवते. एक प्रश्न सर्वांसाठी आहे: पुढच्या महिन्यात आमच्याकडे लग्न आहे आणि हळदीच्या दिवशी माझ्या फिकट सोनेरी बटांना हळद लागणारच. ती निघते का? याआधी जेजुरीला भंडारा उधळल्यावर मैत्रिणीचे केस बरेच दिवस पिवळे राहिलेले मी पाहिले आहेत.

केशकर्म, कोपरखैरणे

सीवूड्सताई, हळद निघते, परंतु ब्लीच केलेल्या केसांत ती खोल बसते, म्हणून तयारी आधी करावी. आदल्या रात्री केसांना खोबरेल तेल चोळून घट्ट अंबाडा बांधावा आणि समारंभात वरून ओढणी घ्यावी. हळदीतला कर्क्युमिन पाण्यात फारसा विरघळत नाही, तेलात विरघळतो, त्यामुळे डाग पडल्यावरही आधी तेल लावून मग सौम्य शाम्पूने धुवावे. अंगाच्या साबणाने धुऊ नये. हळदीत चुना मिसळून कुंकू करतात हे आपण सर्व जाणतो. साबणही अल्कधर्मी असतो, त्यामुळे डाग लालसर होतो. कर्क्युमिन उन्हात उडतो, म्हणून उरलेली छटा काही दिवसांत आपोआप फिकी पडते. लगेच जांभळा शाम्पू चोळत बसण्याची गरज नसते.

खोबरेलाबद्दल आणखी एक सांगते. 2003 साली जर्नल ऑफ कॉस्मेटिक सायन्समध्ये रेले आणि मोहिले यांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यात खोबरेल, सूर्यफुलाचे तेल आणि खनिज तेल यांची तुलना होती, आणि केसांतील प्रथिनांची झीज कमी करण्यात खोबरेलच उपयोगी ठरले. केस जितके कमी झिजतील तितका टोनर जास्त टिकतो, हे मी माझ्या ग्राहकांच्या केसांवर पाहिले आहे.

कळव्याची मेंदीवाली

मेंदीचा विषय कोणीच काढला नाही, म्हणून लिहिते. माझ्या केसांवर अनेक वर्षांची मेंदी होती. मेंदीतला लॉसोन हा रंगघटक केसांच्या केराटिन या प्रथिनाला चिकटतो आणि ब्लीचने तो सरळ निघत नाही. इतर केस पिवळे झाले तरी मेंदीचा भाग गडद नारिंगीच राहतो. माझ्या ब्यूटीशियनने आधी कानामागची एक बारीक बट कापून ब्लीचच्या मिश्रणात ठेवून पाहिली. शुद्ध मेंदी असल्यामुळे काही अनिष्ट घडले नाही. पाकिटातल्या काही मिश्र मेंद्यांत धातूंचे क्षार असतात, आणि त्यांचा पेरॉक्साइडशी संयोग झाला की बट गरम होते, फेसाळते, क्वचित तुटतेही. "काळी मेंदी" म्हणून मिळणाऱ्या अनेक पाकिटांत पीपीडी हे रसायन असते, त्याची ॲलर्जी झाली तर ती गंभीर असते. मेंदीवर नीळपत्ती म्हणजे इंडिगो लावली असेल तर उजळताना हिरवट छटा येण्याचीही शक्यता असते. ब्यूटीशियनने विचारले नाही तरी ही माहिती आपण स्वतःहून द्यावी. माझा नारिंगी रंग कोणत्याही शाम्पूने गेला नाही. निळ्या आधाराचा गडद तपकिरी रंग लावून आणि टोके हळूहळू कापून तो गेला.

तरणतलाव

हिरवट छटेवरून आठवले. माझी मुलगी पोहायला जाते आणि तिच्या सोनेरी बटा उन्हाळ्यात हिरवट झाल्या. सगळे क्लोरीनला दोष देत होते, परंतु खरे कारण पाण्यातले तांबे असते. शेवाळ होऊ नये म्हणून घातलेल्या औषधांतून किंवा पाइपांतून ते येते, त्याचे ऑक्सिडीकरण होते आणि ते केसांवर बसते. अशा वेळी निळा शाम्पू लावला तर छटा आणखी बिघडते. कीलेटिंग शाम्पूने तिचा प्रश्न सुटला. आता पाण्यात उतरण्याआधी ती केस साध्या पाण्याने पूर्ण भिजवते, थोडा कंडिशनर लावते आणि टोपी घालते, म्हणजे आधीच भिजलेले केस तलावाचे पाणी कमी शोषतात.

वाशीकर

केशकर्मताई, माझ्या टोकांना आता निळसर करडी झाक आली आहे. निळा शाम्पू थांबवावा का?

केशकर्म, कोपरखैरणे

हो, काही धुण्यांपुरता थांबवावा. टोके सर्वांत सच्छिद्र असतात, म्हणून ती रंग आधी आणि जास्त घेतात. एकदोनदा क्लॅरिफाइंग, म्हणजे साचलेला थर काढणाऱ्या, शाम्पूने धुतल्यावर झाक उतरेल, त्यानंतर भरपूर कंडिशनर लावावा. पुन्हा सुरू कराल तेव्हा शाम्पू आधी मधल्या लांबीला लावून शेवटच्या अर्ध्या मिनिटात टोकांपर्यंत ओढावा. स्कूटरवरून जात असाल तर स्टोल बांधत जा, कारण उन्हाने टोनर लवकर उडतो; सरळ करण्याच्या इस्त्रीचे तापमानही कमी ठेवावे.

सीवूड्सची लेक

हळदीच्या उत्तराबद्दल मनापासून आभार, काकू. टोनर घरी लावायचा असेल तरीही पॅच टेस्ट लागते का?

केशकर्म, कोपरखैरणे

लागते. अनेक टोनरमध्येही कलपासारखीच रंगद्रव्ये असतात. कानामागे किंवा कोपराच्या आतल्या बाजूला थोडा लावून 48 तास पाहावे. खाज, लाली किंवा सूज आली तर तो टोनर लावू नये आणि त्वचारोगतज्ज्ञांना दाखवावे. तुमचे लग्नकार्य पुढच्या महिन्यात आहे, तेव्हा ही चाचणी याच आठवड्यात करून घ्या आणि टोनर हळदीनंतर, लग्नाच्या आदल्या दिवशी द्या.