नीना सिमोन : चळवळीपायी पियानो मागे पडला का?

दादरकर
मत थेट मांडतो, मग काय ते हाणा.

अमेरिकेची काळी गायिका नीना सिमोन मुळात पियानोवादक. जन्म १९३३, नॉर्थ कॅरोलिनातलं ट्रायॉन, घरचं नाव युनिस वेमन. आई मेथडिस्ट चर्चमध्ये प्रवचनं करायची, पोर लहानपणापासून तिथे वाजवायची. एका गोऱ्या शिक्षिकेने तिला बाख (जर्मन शास्त्रीय संगीतकार) शिकवला, पुढच्या शिक्षणासाठी गावाने वर्गणी काढली. गाणं तिच्या डोक्यातही नव्हतं. १९५४ मध्ये अटलांटिक सिटीतल्या एका बारमध्ये पियानो वाजवायची नोकरी धरली, तर मालक म्हणाला गावंही लागेल. म्हणून गायली. आणि बारमधली नोकरी आईच्या कानावर जाऊ नये म्हणून नावही बदललं.

पहिल्या अल्बममधलं 'लव्ह मी ऑर लीव्ह मी' ऐका. मधला पियानोचा तुकडा सरळ बाखच्या वळणाचा आहे. दोन हात दोन स्वतंत्र चाली चालवतात आणि खाली ड्रम्सचा स्विंग, म्हणजे जॅझचा झुलता ठेका, जराही हलत नाही. १९६४ नंतर मात्र ती काळ्यांच्या नागरी हक्क चळवळीच्या घोषणांकडे वळली. 'मिसिसिपी गॉडॅम' हे तिचं निषेधाचं गाणं दक्षिणेतल्या काही राज्यांत वाजेना, पुढे १९७० मध्ये तिने देशच सोडला. माझ्या मते हा सौदा संगीताच्या तोट्याचा झाला.

कोमल निषाद
दादरकर, तुमचा सनावळीचा हिशोब जुळत नाही. अमेरिकेत तिचं एकच गाणं पहिल्या विसात गेलं, 'आय लव्ह्ज यू, पोर्गी', १९५९ मध्ये. म्हणजे १९६० ते ६३ या चार वर्षांत चळवळीचं गाणं नसतानाही तसं यश परत मिळालं नव्हतं. याउलट 'आय पुट अ स्पेल ऑन यू' आणि 'फीलिंग गुड' १९६५ ची. 'एन्ट गॉट नो, आय गॉट लाइफ' १९६८ मध्ये ब्रिटनमध्ये दुसऱ्या क्रमांकावर गेलं. आज लोक तिला ज्या गाण्यांनी ओळखतात त्यातली निम्मी तरी तुमच्या 'घोषणांच्या' काळातली निघतील.

दादरकर
गाणी खपली नाहीत असं मी म्हटलंच नाही. पियानो मागे गेला असं म्हटलं. 'फीलिंग गुड' मध्ये आधी ब्रास (ट्रम्पेटसारखी पितळी वाद्यं) कानावर आदळतं, पियानो शोधावा लागतो.

चिवट
ब्रास कुणी घातलं? चळवळीने? तो अरेंजरचा (वाद्यांची मांडणी ठरवणाऱ्याचा) आणि रेकॉर्ड कंपनीचा निर्णय. आणि ज्या 'मिसिसिपी गॉडॅम'ला तुम्ही घोषणा म्हणताय ते एकदा कान देऊन ऐका. जून १९६३ मध्ये मिसिसिपीत नागरी हक्क कार्यकर्ता मेडगर एव्हर्सचा खून झाला, सप्टेंबरमध्ये अलाबामातल्या बर्मिंगहॅमच्या काळ्यांच्या चर्चमध्ये बॉम्ब ठेवून चार मुली मारल्या. तिने गाणं लिहिलं ते या रागातून, पण चाल कशी घेतली? संगीत नाटकातल्या गमतीशीर गाण्यासारखी उडती. कार्नेगी हॉलच्या १९६४ च्या ध्वनिमुद्रणात ती सांगते की ही एका नाटकाची चाल आहे, नाटक अजून लिहायचंय. गोरे श्रोते हसतात. दोन कडव्यांनंतर हसू बंद. डावा हात शेवटपर्यंत तसाच टणाटण चालू. राग असा लपवून मग बाहेर काढायला पियानोवादकच लागतो. नुसत्या मोर्चेवाल्याचं ते काम नव्हे.

फणसगाव
+१ चिवट.

आपल्याकडेही हेच चालतं. अण्णा भाऊ साठे, अमर शेख यांचं नाव निघालं की 'प्रचारकी' शिक्का तयार. त्यांच्या लावणीवरच्या, पोवाड्यावरच्या पकडीबद्दल कोण बोलतो?

मोजूनमापून
मूळ जखम १९५१ ची आहे. फिलाडेल्फियाच्या कर्टिस इन्स्टिट्यूट या संगीतशाळेने तिला प्रवेश नाकारला. काळी म्हणून नाकारलं असं तिचं मत शेवटपर्यंत होतं. पण हे तपासून बोलावं. त्याच कर्टिसमधून जॉर्ज वॉकर हा काळा पियानोवादक १९४५ मध्ये पदवी घेऊन बाहेर पडला होता. तिला नंतर खासगी शिकवणारे व्लादिमीर सोकोलॉफ कर्टिसचेच, त्यांनी वर्णभेदाची गोष्ट मान्य केली नाही. तेव्हा शास्त्रीय पियानो चळवळीच्या बारा वर्षं आधीच सुटला होता, इतकंच खात्रीने म्हणता येतं.

कोमल निषाद
मोजूनमापून, एक वॉकर आत गेला म्हणून दार उघडं होतं असं होत नाही. शाळेत कुणी 'जात नाही पाहिली' म्हटलं की आपण लगेच विश्वास ठेवतो का? तीच मुलगी बाराएक वर्षांची असताना गावातल्या कार्यक्रमात आईवडिलांना मागच्या रांगेत बसवलं म्हणून वाजवायची थांबली होती. त्यांना पुढे आणल्यावरच सुरू केलं. चळवळ तिच्याकडे १९६४ मध्ये आली नाही, ती पियानोच्या बाकावर आधीपासून बसलेली होती.

सुलभाताई
तुम्ही सगळे गाण्यावर भांडताय, मी पैशाचं बोलते. पहिल्या अल्बमचे हक्क तिने ३००० डॉलरला विकून टाकले. १९८७ मध्ये त्यातलंच 'माय बेबी जस्ट केअर्स फॉर मी' शनेलच्या अत्तराच्या जाहिरातीत वाजलं आणि ब्रिटनमध्ये पाचव्या क्रमांकावर गेलं. त्याआधीची कित्येक वर्षं त्या रेकॉर्डवर दुसरेच कमावत होते. नवरा अँड्र्यू स्ट्राउड, पूर्वीचा पोलिस, तोच मॅनेजर, तोच मारहाण करणारा. दौरे संपेनात. त्यात मानसिक आजार, ज्याचं निदान व्हायला ऐंशीचं दशक उजाडलं. एवढं सगळं सोडून करिअर खाल्लं कुणी, तर चळवळीने? चळवळीने तिला निदान माणसं दिली. नाटककार लॉरेन हॅन्सबेरीसारखी मैत्रीण दिली.

दादरकर
सुलभाताई, करार आणि नवरा हे मुद्दे मान्य, माझ्या मुद्द्याच्या आड ते येत नाहीत. पियानोचं बोला.

चिवट
घ्या पियानोचं. स्वित्झर्लंडमधला माँत्रो जॅझ महोत्सव, १९७६. देश सोडून सहा वर्षं झालेली, कर थकलेला, हातात रेकॉर्ड कंपनी नाही. 'फीलिंग्ज' सारखं गुळगुळीत गाणं घेते, आधी त्याची थट्टा करते आणि मग मध्येच पियानो असा काही उघडते की गाणं कुठलं होतं तेच विसरायला होतं. संपल्यावर सांगा काय गमावलं ते.

दादरकर
ऐकलंय, अनेकदा. पण ती एक संध्याकाळ आहे. ७५ ते ७७ मध्ये स्टुडिओतला एक नवा अल्बम दाखवा, मग बोलू.