मदत हवी आहे: पालकावर पांढऱ्या नागमोडी रेषा, माठाला भोकं

कुंडीतल्या पालकाच्या पानांवर पांढऱ्या नागमोडी रेषा पडल्या आहेत आणि शेजारच्या लाल माठाला भोकं. नीम तेल लिटरला १० मिली घालून दुपारी फवारलं. रेषा वाढतच आहेत, वर पालकाच्या कडाही करपल्या. कीड कुठे दिसत नाही. भाजी खायची आहे, त्यामुळे रासायनिक औषध नको.

प्रतिसाद १
पालकावर नागअळी आहे. तिची बारीक माशी पानात अंडी घालते आणि अळी पानाच्या दोन पापुद्र्यांमधला गर खात पुढे सरकते. पान उजेडासमोर धरा: रेषेच्या रुंद टोकाला अळी आणि मागे काळसर विष्ठेची रेघ दिसेल. ती आत बसलेली, म्हणून वरून मारलेल्या तेलाचा तिला फारसा त्रास नाही. रेष ताजी असेल तर तेच टोक चिमटीत दाबा. पान निम्म्याहून जास्त गेलं असेल तर खुडा, पण कुंडीत किंवा कंपोस्टात टाकू नका. अळी मातीत कोषात जाते आणि तिथूनच पुढची माशी निघते. जुन्या रेषा भरून येत नाहीत, त्यामुळे फरक पडला की नाही ते नव्या पानांवरूनच ठरवा. पिवळे चिकट सापळे पानांच्या उंचीला लावा. माशा किती आहेत ते कळतं, पण निव्वळ सापळ्यांनी काम भागत नाही.

प्रतिसाद २
करपलं ते तेलामुळे. १० मिली जास्त झालं, त्यात दुपारचं ऊन. लिटरला ५ मिली पुरे. आधी थोड्या कोमट पाण्यात १-२ मिली सौम्य द्रवसाबण, त्यात तेल घालून दुधाळ होईपर्यंत ढवळा, मग बाकीचं पाणी. साबणाशिवाय तेल वर तरंगतं. काही पानांना नुसतं पाणी मिळतं, काहींना नुसतं तेल. ऊन उतरल्यावर, पानांच्या खालून मारा. आधी दोन-तीन पानांवर मारून दोन दिवस वाट बघा. कालवलेलं त्याच दिवशी संपवा.

माठाची भोकं कशी आहेत? टाचणीने टोचल्यासारखी असतील आणि हात लावताच काहीतरी उडी मारत असेल, तर पिसू भुंगेरे. मोठी, वेडीवाकडी आणि खाली काळ्या लेंड्या असतील तर अळी. चकाकता चिकट माग असेल तर शेंबडी (शंख नसलेली गोगलगाय). रात्री टॉर्च घेऊन बघा.

धागाकर्ता
पाहिलं. शेंड्याची पानं धाग्यांनी एकमेकांना चिकटली आहेत, आत हिरवी अळी आहे. लेंड्याही आहेत.

प्रतिसाद २
मग पानं गुंडाळणारी अळी. चार-सहा कुंड्यांसाठी औषध कशाला? गुंडाळी उलगडा आणि अळी साबणाच्या पाण्यात टाका. आठवडाभर रोज शेंडे तपासा. फारच झाल्या तर बीटी (अळ्या मारणाऱ्या जिवाणूपासून बनवलेलं जैविक औषध), डब्यावर लिहिलेल्या प्रमाणात, संध्याकाळी. ते पोटात गेलं तरच काम करतं आणि अळी लहान असतानाच जास्त लागू पडतं. उन्हात त्याचा जोर लवकर ओसरतो. मावा किंवा भुंगेऱ्यांवर हे बीटी चालत नाही.

धागाकर्ता
रेषा असलेला पालक खाल्ला तर चालेल?

प्रतिसाद १
चालेल. रेषेचा भाग कापून टाका, बाकीचं पान नीट धुवा. नीम तेल मारलं असेल तर बाटलीवर दिलेले दिवस जाऊ द्या, नाहीतर कडू लागेल.