हसणाऱ्यालाही उठवा

ए-१०४: नमस्कार मंडळी, आज जरा वेगळी मदत हवीये. लेक कालपासून एका गेममध्ये अडकलीये आणि आता तिच्यासोबत मीही. ट्रेनचा डबा असतो, फलाटावर माणसं उभी असतात, प्रत्येकाची काहीतरी अट असते आणि सगळ्यांना मनासारखी सीट द्यायची असते. ‘इज धिस सीट टेकन?’ असं नाव आहे. आमचे सगळे खुश होतात, एकच तोंड पाडून बसतो. त्याला हलवलं की दुसराच रुसतो. कोणी खेळलंय का?

बी-४०३: ताई, मी खेळलोय, अगदी शेवटपर्यंत. फार गोड गेम आहे. बार्सिलोनाच्या पोटी पोटी स्टुडिओ नावाच्या छोट्या टीमने केलाय, ऑगस्ट २०२५ मध्ये आला. माणसांच्या जागी चौकोन, त्रिकोण, गोल. त्यातला नॅट हा समभुज चौकोन, त्याला अभिनेता व्हायचंय, आणि त्याच्या प्रवासाबरोबर आपण ट्रेन, बस, टॅक्सी, थिएटर असं करत लोकांना बसवत जातो. उत्तर लगेच सांगू का, की लेकीला स्वतः सोडवायचंय?

ए-१०४: उत्तर सांगू नका म्हणतेय. फक्त वाट दाखवा.

बी-४०३: शाब्बास. मग वाटच दाखवतो.

सी-३०२: घड्याळ असतं का हो त्यात? वेळ लावलेले गेम मला आवडत नाहीत, विचार करायला जागाच राहत नाही.

बी-४०३: नाही काकू, घड्याळ अजिबात नाही. चुकलं म्हणून गेम संपतही नाही. उचला, ठेवा, पुन्हा उचला. कोणाला अत्तराचा वास सहन होत नाही, कोणाला झोपायचंय म्हणून शेजारी गाणी नकोत. बसवलं की चेहऱ्यावर लगेच कळतं. माझ्या मते या गेमची सगळी गंमत त्या चेहऱ्यांमध्ये आहे, आणि अडकायला होतं तेही त्यांच्यामुळेच.

ए-१०४: म्हणजे?

बी-४०३: सांगतो. आपण नाराज चेहऱ्याकडे बघत राहतो आणि त्यालाच इकडून तिकडे फिरवत बसतो. पण बहुतेक वेळा घोळ त्याने घातलेला नसतो. घोळ घातलेला असतो हसणाऱ्याने. एखाद्याची काहीच अट नाही, आपण त्याला पहिल्यांदा दिसेल तिथे बसवलं, तो हसला, आपल्याला वाटलं हे काम झालं. आणि त्याने नेमकी तीच सीट अडवून ठेवलेली असते जिच्यावाचून दुसऱ्या कोणाचं भागत नाही. हसणाऱ्याला उठवायला आपला हात धजत नाही. लेकीला सांगा, हसणाऱ्यालाही उठव.

बी-४०३: तिची पातळी मी उघडत नाही, नाहीतर तोंडून उत्तर निघून जाईल. त्याऐवजी ग्रुपसाठी एक कोडं करतो, कागद-पेन्सिल घ्या.

छोटा डबा. दोन रांगा, पुढची आणि मागची. प्रत्येक रांगेत मधली वाट सोडून डावीकडे दोघांचं बाक, उजवीकडे दोघांचं बाक. म्हणजे चार बाकं, आठ सीट. प्रत्येक बाकावर एक सीट खिडकीची, एक वाटेकडची. शेजारी म्हणजे त्याच बाकावरचा, दुसरा कोणी नाही.

प्रवासी आठ. आजोबांना पुढची रांग आणि खिडकी हवी, शेजारी गाणी नकोत. झोपाळूला खिडकी हवी, त्यालाही शेजारी गाणी नकोत. नाजूक नाकवालीला खिडकी हवी, शेजारी अत्तर नको. बाळाला खिडकी हवी आणि शेजारी आई. उंच माणसाला मागची रांग द्यायची, नाहीतर मागच्यांना पुढचं काही दिसत नाही. गाणी लावणाऱ्याची काही अट नाही. अत्तरवाल्याचीही नाही. आईला फक्त बाळ हवं.

कोण कुठे?

सी-३०२: थांबा, वही आणते.

डी-२०५: मस्त. आठ जण आठ सीटवर बसवायच्या एकूण तऱ्हा ४०,३२०. दहा सेकंदाला एक करून पाहिली तरी दिवस-रात्र न थांबता साडेचार दिवसांहून जास्त जातील.

ए-१०४: बापरे. मग आम्ही दोघी काल जे करत होतो ते हेच.

सी-३०२: मी गाणीवाल्याला आणि अत्तरवाल्याला आधी बसवून टाकलं, त्यांचं काही मागणंच नाही म्हणून. आता नाकवाली अडलीये.

बी-४०३: काकू, तुम्ही केलंत तेच जवळजवळ प्रत्येक जण पहिल्यांदा करतो. सोपा माणूस आधी घ्यावासा वाटतो. पण ज्याची काही अट नाही तो कुठेही बसतो, म्हणून त्याला शेवटी ठेवायचं, उरलेल्या जागेसाठी. आधी तो घ्यायचा ज्याच्या नशिबी जागा सगळ्यात कमी. आता आठही जणांच्या अटी वाचा आणि ‘खिडकी’ शब्द किती वेळा येतो ते मोजा.

सी-३०२: चार वेळा. आजोबा, झोपाळू, नाक, बाळ.

बी-४०३: आणि डब्यात खिडक्या किती?

सी-३०२: चार! अरेच्चा. म्हणजे बाकीच्या चौघांना खिडकी मिळूच शकत नाही.

बी-४०३: बरोब्बर. आणि प्रत्येक बाकाला खिडकी एकच. म्हणजे हे चौघे चार वेगवेगळ्या बाकांवर गेले. अजून एकालाही बसवलेलं नाही आणि अर्धं कोडं सुटलं. मला या गेममधला हाच क्षण सगळ्यात जास्त आवडतो. सीटला हात न लावता नुसतं मोजून काहीतरी पक्कं कळतं.

बी-४०३: आता प्रश्न एवढाच उरतो, कोणाच्या शेजारी कोण. बाळाशेजारी आई. उरले तिघे: गाणी, अत्तर, उंच. ते आजोबा, झोपाळू आणि नाकवालीच्या शेजारी जायचेत. आजोबांपासून सुरुवात करा, त्यांना नकार सगळ्यात जास्त आहेत.

ए-१०४: लेक टाईप करतेय आता: आजोबांना गाणी नको. आजोबा पुढच्या रांगेत म्हणून त्यांच्याजवळ उंच पण नको. मग अत्तर!! झोपाळूला गाणी नको मग त्याला उंच. नाकवालीला गाणी. सुटलं!

बी-४०३: वा! फार सुंदर मांडलंस. बघ, तू कोणालाही दोनदा हलवलं नाहीस.

डी-१०१: नमस्कार. सगळे मेसेज वाचले. मी आयुष्यभर गणित शिकवलं, त्यामुळे राहवलं नाही. लोकांना अटी घालून बसवण्याचं हे वेड फार जुनं आहे. फ्रेंच गणिती एदुआर ल्युका यांनी १८९१ मध्ये एक प्रश्न मांडला होता. गोल टेबलाभोवती जोडपी बसवायची. एक पुरुष, एक स्त्री, असं आळीपाळीने. पण नवरा-बायको शेजारी येता कामा नयेत. किती तऱ्हा? तीन जोडपी असतील तर १२, चार असतील तर ९६. हेच ल्युका ‘टॉवर ऑफ हनोई’ या चकत्यांच्या कोड्याचेही जनक.

डी-२०५: सर, चार जोडपी म्हणजे पण आठच माणसं. ४०,३२० मधून ९६!

डी-१०१: तेच दाखवायचं होतं. अटी दोनच, आणि एवढा मोठा ढीग ९६ वर येतो. मुलांना अट म्हणजे अडचण वाटते. मी वर्गात नेहमी सांगायचो, अट ही मदत असते, ती तुमचं काम कमी करते. त्या प्रश्नाचं सरळ सूत्र मिळायला मात्र १९३४ साल उजाडलं, जाक तुशार यांनी दिलं.

सी-३०२: सर, माझं उत्तर वेगळं आलंय. मी आजोबा डावीकडे बसवले. पोरीने बहुतेक उजवीकडे घेतलेत. कोणाचं बरोबर?

बी-४०३: दोघींचं. सुडोकूची सवय असली की एकच उत्तर असणार असं मनात पक्कं बसलेलं असतं. इथे सगळे खुश झाले की झालं. या कोड्यात जोड्या एकच निघतात: आजोबा-अत्तर, झोपाळू-उंच, नाक-गाणी, बाळ-आई. पण बाकं बदलता येतात. आजोबांना पुढची दोन्ही बाकं चालतात, झोपाळू-उंच जोडीला मागची दोन्ही, आणि राहिलेल्या दोन जोड्या उरलेल्या दोन बाकांवर अशा किंवा तशा. २ गुणिले २ गुणिले २. एकूण आठ उत्तरं.

सी-३०२: बरं झालं विचारलं. मी खोडायला निघाले होते.

डी-२०५: मी प्रोग्रामिंगमध्ये आहे. दादा, तुम्ही सांगितलेली रीत, ज्याला पर्याय कमी तो आधी, ही आम्ही रोज वापरतो. वेळापत्रकं लावताना, कामं वाटताना. १९८० मध्ये हॅरलिक आणि एलियट यांनी आपल्या शोधनिबंधात तिला चांगलं नाव दिलं, ‘फेल फर्स्ट’. म्हणजे जिथे फसायची शक्यता जास्त तिथे आधी हात घाला. फसायचंच असेल तर चार जणांना बसवल्यावर फसू दे, सगळा डबा भरल्यावर नको.

ए-१०४: हे मला पटलं. आम्ही नेमके शेवटच्या माणसाला फसत होतो.

डी-२०५: आणि फसल्यावर सगळा डबा रिकामा करायचा नाही. शेवटी जिथे दोन पर्याय होते तिथवरच मागे यायचं. मागे येताना कोणाला बसवताना फक्त एकच जागा शक्य होती आणि कोणाला आपण उगाच तिथे ठेवलं, हे लक्षात ठेवलं की फार वेळ वाचतो.

बी-४०३: अगदी. मी खेळताना दोन प्रकार मनात वेगळे ठेवतो. एक ‘बसलेला’ आणि दुसरा ‘टेकलेला’. बसलेला म्हणजे ज्याला दुसरी जागाच नाही. टेकलेला म्हणजे आत्ता आपलं इथे ठेवलंय. दोघांच्याही चेहऱ्यावर हसूच दिसतं, स्क्रीनवर फरक कळत नाही. तो आपल्यालाच ठेवावा लागतो. अडकलो की टेकलेले सगळे उठवायचे, बसलेल्यांना हात लावायचा नाही.

ई-२०२: मी शांतपणे वाचत होतो. माझ्या मुलाला एक शंका आहे, वय वर्षं दहा. तो म्हणतो गाणी फक्त शेजाऱ्यालाच कशी ऐकू येतील? पुढच्या-मागच्या बाकावर पण जातीलच ना आवाज. अत्तर पण.

बी-४०३: उत्तम शंका! मी मुद्दाम नियम लिहिला होता, शेजारी म्हणजे त्याच बाकावरचा. गेममध्येसुद्धा आधी हेच बघायचं, कोणाची अट किती दूरवर लागू होते. अर्ध्या चुका अट नीट न वाचल्यामुळे होतात. पण त्याचा नियम घेऊन बघू या. आवाज आणि वास एकाच बाजूच्या पुढच्या-मागच्या बाकावर दोघांनाही पोचतो, वाट ओलांडून मात्र जात नाही. मग आठपैकी किती उत्तरं उरतात? त्याला विचारा.

डी-१०१: छान वळण घेतलं.

सी-३०२: मीही करून बघते. कोणी लगेच लिहू नका.

ई-२०२: तो म्हणतोय चार. मी स्वतः तपासलं नाहीये.

बी-४०३: कसं काढलं तेही लिहायला सांगा ना. नुसता आकडा मला पुरत नाही.

ई-२०२: त्याच्याच शब्दांत लिहितो. “गाणीवाला नाकवालीजवळ आहे. त्यांच्या पुढे किंवा मागे आजोबा नको आणि झोपाळू पण नको, दोघांना आवाज येईल. मग तिथे फक्त बाळ आणि आई बसू शकतात. म्हणजे ते चौघे एका बाजूला. आजोबा, अत्तर, झोपाळू, उंच दुसऱ्या बाजूला. आजोबा पुढे, झोपाळू मागे. अत्तर नाकवालीपासून आपोआप लांब गेलं. आजोबांना बाजू दोन आणि नाकवाली बाळाच्या पुढे किंवा मागे, म्हणून चार.”

डी-१०१: बाळा, हे वर्गात फळ्यावर लिहावं इतकं नेटकं आहे. ‘अत्तर आपोआप लांब गेलं’ हे वाक्य मला फार आवडलं. एक अट पाळताना दुसरी न बोलावता पाळली गेली.

बी-४०३: सर, मला पण तेच भावलं. आणि त्याने सुरुवात कुठून केली बघा. गाणीवाल्यापासून! जुन्या नियमात ज्याला आपण सगळ्यात शेवटी ठेवला तो नियम बदलल्यावर सगळ्यात अडचणीचा झाला. त्याची स्वतःची अट अजूनही शून्य आहे, पण आता त्याला नको म्हणणारे लांबवर पसरलेत. मी वर लिहिलं होतं की ज्याची अट नाही त्याला शेवटी ठेवा. ते सुधारतो. ज्याची अट नाही आणि ज्याच्याबद्दल दुसऱ्या कोणाची अट नाही, त्याला शेवटी ठेवा.

सी-३०२: माझे पण चारच आले. आता डबा मोठा करून द्या, बारा जणांचा.

बी-४०३: नक्की काकू, उद्या संध्याकाळी टाकतो. आधी स्वतः तपासून बघतो, उत्तर नसलेलं कोडं पाठवायचं नाही मला.

डी-२०५: अजून एक मदत होईल. प्रवाशांची नावं चिठ्ठ्यांवर लिहा आणि डबा कागदावर काढा. फोनच्या छोट्या स्क्रीनवर एका वेळी एकाचीच अट वाचता येते, टेबलावर सगळ्यांच्या अटी एकत्र समोर असतात. आम्ही घरी तसंच खेळतो.

ए-१०४: आम्ही आत्ता तसंच केलं. लेकीने चिठ्ठ्या मांडल्या, टेकलेल्यांच्या उलट्या ठेवल्या. उलट्या चिठ्ठ्या दोनच निघाल्या. एक गोल खिडकीत बसून सुरुवातीपासून हसत होता. त्याची अट परत वाचली तर त्याला फक्त बाकाच्या टोकाला बसायचं होतं, आणि वाटेकडची सीटही टोकालाच येते. त्याला खिडकीतून उठवून तिथे बसवला, तर तिथेही हसायला लागला!

बी-४०३: आणि तो तोंड पाडलेला?

ए-१०४: तो खिडकीत बसलाय. लेक म्हणतेय, काकांना सांग पुढची पातळी उघडली, आता विचारणार नाही.