आर्चबिशप रॉबर्ट्स: गादी न सोडता मुंबई सोडली, हे बरोबर होतं का?

गिरिजकर
ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी आधी प्रकरण. थॉमस रॉबर्ट्स हे इंग्लिश जेझुइट (येशूसंघाचे धर्मगुरू), लिव्हरपूलच्या एका धर्मग्रामातून (पॅरिशमधून) 1937 मध्ये उचलून थेट मुंबईचे आर्चबिशप केले गेले. 1946 मध्ये त्यांनी व्हॅलेरियन ग्रेशस यांना सहाय्यक बिशप करून घेतलं, कारभार त्यांच्या हाती दिला आणि मुंबई सोडली. राजीनामा मात्र लागला डिसेंबर 1950 मध्ये. मधली चार वर्षं हा माणूस खलाशांच्या सेवाकार्यासाठी बंदरं पालथी घालत होता.

माझ्या मते यापेक्षा शहाणी चाल मुंबईच्या कुठल्या बिशपने खेळलेली नाही. इथल्या बिशपांच्या नेमणुकीत पोर्तुगालचा जुना हक्क होता. 1928 च्या रोम (म्हणजे पोप) आणि पोर्तुगाल यांच्या करारात मुंबईचा आर्चबिशप आळीपाळीने पोर्तुगीज आणि ब्रिटिश असावा असं ठरलं होतं. आधीचे लीमा पोर्तुगीज, रॉबर्ट्स ब्रिटिश, म्हणजे पुढची पाळी पुन्हा पोर्तुगिजाची. भारतीयाची पाळी त्या करारात कधीच येत नव्हती. 1946 मध्ये साधा राजीनामा दिला असता तर ऐन स्वातंत्र्याच्या तोंडावर मुंबईच्या कॅथलिकांवर पोर्तुगीज आर्चबिशप बसला असता. म्हणून एसटीच्या खिडकीतून रुमाल टाकावा तशी जागा धरून ठेवली आणि चालवायला दिलं ग्रेशस यांना.

नीलमोहोर
रुमाल टाकून चार वर्षं जागा धरता येते का, वाद तर तिथेच आहे. बिशपने आपल्या धर्मप्रांतात राहावं ही सोय नाही, कर्तव्य आहे. तेव्हाच्या 1917 च्या कॅनन लॉप्रमाणे (चर्चच्या कायद्याप्रमाणे) बिशपला वर्षात दोन, फार तर तीन महिने बाहेर राहता येई. आता तर एकच महिना. पोपची परवानगी होती हे मान्य. पण परवानगीने काम होतं, हजेरी लागत नाही.

आणि काळ कुठला? 1946 ते 1950. फाळणी, स्वातंत्र्य, घटना समितीत धर्मस्वातंत्र्याच्या कलमावर रणं माजलेली. देशातल्या एवढ्या मोठ्या महाधर्मप्रांताचा प्रमुख त्या वेळी परदेशात.

कागदपत्री
@नीलमोहोर, गैरहजर कोण होतं ते नीट बघा. ग्रेशस यांना 29 जून 1946 ला बिशपपदाची दीक्षा मिळाली होती. त्यामुळे दृढीकरण (बाप्तिस्म्यानंतर श्रद्धा पक्की करणारा संस्कार), धर्मगुरूंना दीक्षा, पवित्र गुरुवारी तेलं आशीर्वादित करणं, यातलं काही अडत नव्हतं. दीक्षेने मिळणारा अधिकार पुरा असतो. अडतं ते कारभारात. धर्मग्रामाला प्रमुख धर्मगुरू नेमणं, दुसऱ्या धर्मप्रांतातल्या धर्मगुरूला कायमचं आपल्यात घेणं, ही कामं त्या कायद्यात व्हिकर जनरललाही (बिशपच्या वतीने कारभार बघणाऱ्यालाही) आपोआप करता येत नसत, बिशपने खास अधिकार द्यावा लागे. म्हणजे नुसतं "तुम्ही बघा" म्हणून निघून जाता येत नाही, एकेक बाब सोपवावी लागते.

बरं, ग्रेशस नवखेही नव्हते. लीमांचे सचिव होते, कुलाब्याच्या होली नेम चर्चचे पहिले भारतीय रेक्टर (प्रमुख धर्मगुरू) होते. घर माहीत असलेल्या माणसाच्या हातात किल्ल्या दिल्या.

नीलमोहोर
किल्ल्या दिल्या, पण घर नावावर केलं नाही. या व्यवस्थेची खरी भीती कुणी बोलत नाही म्हणून लिहितो. सोपवलेला कारभार देणाऱ्याच्या पदाला टांगलेला असतो. रॉबर्ट्स एखाद्या बोटीवर वारले असते तर? गादी त्या क्षणी रिकामी, ग्रेशस यांचा कारभाराचा अधिकार तिथेच संपला. मग आठ दिवसांत तात्पुरता कारभारी निवडायचा, आणि नेमणुकीची वेळ आली की 1928 चा करार उभाच. पाळी पोर्तुगिजाची. सगळा डाव पन्नाशी ओलांडलेल्या एका माणसाच्या तब्येतीवर लावलेला होता.

सांडोरवाला
मग ग्रेशस यांना वारसाहक्कासह कोअॅड्ज्युटर (गादीचा वारस ठरलेला जोड-बिशप) का नाही केलं? गादी रिकामी झाली की तो आपोआप आर्चबिशप होतो. प्रश्नच मिटला असता.

गिरिजकर
तेच तर करता येत नव्हतं. वारसाहक्क दिला की पोर्तुगालची पाळी उघडपणे खाल्ली, म्हणजे करारभंग. साध्या सहाय्यक बिशपला वारसाहक्क नसतो, म्हणून तक्रारीला जागा नाही. करारात नेमणुकीबद्दल लिहिलं होतं, गैरहजेरीबद्दल नाही. फट बरोबर तिथे सापडली. नीलमोहोर म्हणतात तो धोका होता, नाही कशाला म्हणू? पण दुसऱ्या कुठल्याच वाटेने भारतीय आर्चबिशप मिळत नव्हता.

दिवाडकर
दोघंही रॉबर्ट्सना जरा जास्तच मोठं करताय. करार सुटला तो 18 जुलै 1950 ला, रोम आणि पोर्तुगाल यांच्यात. मुंबई, मंगळूर, कोचीन, मैलापूर वगैरे ठिकाणच्या नेमणुकांतला हक्क पोर्तुगालने सोडला. त्याच वर्षी फेब्रुवारीत भारताने गोव्याबद्दल वाटाघाटी मागितल्या होत्या. स्वतंत्र भारतात लिस्बनच्या शब्दाने बिशप नेमणं टिकणारच नव्हतं, आणि "ब्रिटिश" पाळीलाही 1947 नंतर काय अर्थ उरला? रॉबर्ट्स मुंबईतच बसून राहिले असते तरी 1950 उजाडलंच असतं.

शिवाय भारतीय बिशप ही नवलाई नव्हती. तुतिकोरिनला रोश 1923 पासून होते. त्याही आधी आमच्या दिवाडीचे मातेउश द काश्त्रु, 1637. (त्यांना पाद्रुआदोवाल्यांनी, म्हणजे पोर्तुगालच्या त्या जुन्या हक्काच्या बाजूच्यांनी, किती छळलं तो वेगळा धागा होईल.)

कागदपत्री
1950 उजाडलं असतं, कबूल. पण उजाडल्यावर तयार कोण असतं? कारभार चार वर्षं चालवलेला माणूस हाताशी होता म्हणून 4 डिसेंबर 1950 ला नेमणूक झाली आणि जानेवारी 1953 मध्ये तोच भारताचा पहिला कार्डिनल (पोप निवडणाऱ्या वरिष्ठांपैकी एक) झाला. करार दिल्ली-लिस्बन-रोमने सोडवला, उमेदवार रॉबर्ट्सनी घडवला.

सांडोरवाला
"भारतीय" म्हणून सगळे खूष, पण आमच्या बाजूने बघा. ग्रेशस कराचीत जन्मलेले, मूळचे गोव्याचे. 1928 मध्ये वसई दमण धर्मप्रांताकडून काढून मुंबईला जोडली, आणि मराठीतून उपासना करणाऱ्या आमच्या गावांना स्वतःचा धर्मप्रांत मिळाला 1998 मध्ये. तुकोबांवर डॉक्टरेट केलेले, इथल्याच मातीतले थॉमस डाबरे पहिले बिशप झाले तेव्हा. रॉबर्ट्सच्या चालीने गोरा जाऊन भारतीय आला. गावाची भाषा बोलणारा यायला आणखी 48 वर्षं लागली.

नीलमोहोर
हा मुद्दा मोठा आहे, वेगळा धागा काढा. मूळ विषयावर एकच. त्या काळच्या लॅटिन मिसाच्या मुख्य प्रार्थनेत पोपच्या मागोमाग स्थानिक बिशपचं नाव घ्यावं लागे, सहाय्यक बिशपचं नाही. म्हणजे ही चार वर्षं माहीमपासून वसईपर्यंत प्रत्येक वेदीवर रोज "थोमा" (थॉमसचं लॅटिन रूप) म्हटलं जात होतं. चर्चमध्ये दृढीकरणाला मुलांच्या कपाळावर तेल लावायला येत होते व्हॅलेरियन.

गिरिजकर
आणि पोर्तुगालला आक्षेप घेता येत नव्हता तो त्या "थोमा"मुळेच.